दादाभाई नौरोजी : बडोद्याचे दिवाण आणि वीस रुपयांचा हिशेब

(आपल्या मंडळात झालेल्या व्याख्यानाचा मजकूर. वक्ते अर्थशास्त्राचे निवृत्त प्राध्यापक आहेत. बोलण्याची धाटणी शक्यतो तशीच ठेवली आहे. – संपादक)



चिटणीसांनी मला बोलावताना ‘एखाद्या थोर अर्थशास्त्रज्ञावर बोला’ एवढेच सांगितले होते. त्यांच्या मनात बहुधा अ‍ॅडम स्मिथ नाहीतर केन्स असावा. उभा जन्म मी वर्गात हेच दोघे शिकवले, त्यामुळे तयारीही करावी लागली नसती. पण बडोद्यात उभे राहून अर्थशास्त्रावर बोलायचे आणि याच संस्थानाचे दिवाणपद सांभाळून गेलेल्या माणसाला वगळायचे, हे काही बरे दिसत नाही. म्हणून आज दादाभाई नौरोजी. २०२५ साली त्यांच्या जन्माला दोनशे वर्षे झाली.

दादाभाई म्हटले की शाळेच्या पुस्तकातल्या दोन गोष्टी आपल्याला आठवतात. एक ‘पितामह’ ही पदवी आणि दुसरी ‘संपत्तीच्या निःसारणाचा सिद्धान्त’, म्हणजे इंग्रजांनी आपला पैसा ओढून नेला ही तक्रार. तक्रार खरी आहे, पण दादाभाईंच्या आधीही ती झालेली होती, आणि आपल्या लोकांनी केलेली होती. भास्कर पांडुरंग तर्खडकरांनी १८४१ साली ‘बॉम्बे गॅझेट’मध्ये टोपणनावाने पत्रे लिहून सरकारला हेच सुनावले होते. १८४३ साली रामकृष्ण विश्वनाथ यांनी मराठीतून पुस्तक लिहिले आणि देशाची आधीची व त्या वेळची स्थिती त्यात मांडली. मग दादाभाईंनी नवे काय केले? त्यांनी तक्रारीचा हिशेब केला. जगाने पुढे त्यांच्याकडून जे घेतले ते या हिशेबातले आहे, असे माझे मत आहे. आणि त्या हिशेबात एक खाते राहून गेले, ते नेमके आपल्या बडोद्याचे. त्याबद्दल शेवटी बोलतो.

दादाभाईंचे घराणे नवसारीच्या पारशी धर्मगुरूंचे. नवसारी तेव्हा गायकवाडी मुलूख, म्हणजे एका अर्थी ते आपल्याच दरबारच्या रयतेतले. वडील लहानपणीच गेले, आईने वाढवले, शिक्षण मुंबईच्या एल्फिन्स्टन संस्थेत झाले. तिथेच ते गणिताचे प्राध्यापक झाले. त्या जागेवर बसलेले पहिले हिंदी गृहस्थ ते. १८५५ साली कामा मंडळींच्या पेढीतर्फे लंडनला गेले आणि पुढे स्वतःची पेढी काढून कापसाचा व्यापार केला. गणिताचा मास्तर आणि कापसाचा व्यापारी, या दोन्ही गोष्टी ध्यानात ठेवा. सरासरी कशी काढावी हे मास्तराला कळत होते, आणि हुंडी लंडनहून निघून मुंबईत कशी वटते हे व्यापाऱ्याला.

१८७० च्या सुमारास हिंदुस्थानात माणशी उत्पन्न किती, हे कोणीच सांगू शकत नव्हते. सरकार दरसाल मोठमोठे अहवाल छापी. रेल्वे इतके मैल झाली, टपाल इतके गेले, व्यापार इतका वाढला. देश सुखी आहे असा त्याचा सूर असे. दादाभाईंनी हेच सरकारी अहवाल घेतले आणि प्रांत-प्रांताचे पीक, पेरा आणि भाव काढून बेरीज मांडली. ब्रिटिश हिंदुस्थानचे एकंदर वार्षिक उत्पन्न सुमारे ३४ कोटी पौंड आले. माणसे धरली १७ कोटी. भागाकार केला की दरडोई ४० शिलिंग, म्हणजे त्या वेळच्या दराने २० रुपये. महिन्याचे नव्हेत, वर्षाचे.

ही बेरीज करताना त्यांना सरकारी कागदांत एक ढोबळ चूक सापडली. ती समजून घेण्यासारखी आहे, कारण आजही ती सर्रास होते. अहवालात प्रांताचा सरासरी भाव काढताना सगळ्या जिल्ह्यांचे भाव मिळवून त्यांना जिल्ह्यांच्या संख्येने भागत. कुठल्या जिल्ह्यात माल किती, हे कोणी बघत नसे. मी माझ्या मनाने एक उदाहरण देतो. एका जिल्ह्यात लाख मण भात रुपया मणाने विकले जाते. दुसऱ्यात हजार मणच पिकते, तिथे भाव पाच रुपये. साहेबाची सरासरी येते तीन रुपये. खरी सरासरी येते रुपया आणि वर अर्ध्या आण्याच्या आसपास. तीन रुपयांनी हिशेब मांडला की प्रांताचे उत्पन्न कागदावर जवळजवळ तिप्पट होते आणि शेतकरी न पिकवताच श्रीमंत होतो!

वीस रुपये हा आकडा काढून दादाभाई थांबले नाहीत, आणि त्यांची खरी करामत पुढच्या पायरीत आहे. वीस रुपये थोडे की पुष्कळ, हे ठरवायचे कशावरून? त्यांनी तुरुंगातल्या कैद्यांच्या शिध्याचे आकडे घेतले. मजुरी करायला परमुलखात पाठवलेल्या मजुरांना जहाजावर किती धान्य द्यावे, याचे सरकारी कोष्टक होते, तेही घेतले. शिध्याला चालू भाव लावले. प्रांताप्रांताप्रमाणे माणशी खर्च वर्षाला १६ ते ३५ रुपये निघाला. हे फक्त जगण्यापुरते. लग्नकार्य नाही, दुखणे नाही, सण नाही. आणि दरडोई वीस रुपये ही सरासरी आहे, तिच्यात राजेरजवाडे आणि सावकारही आले. म्हणजे तळातल्या माणसाच्या वाट्याला वीससुद्धा नाहीत. बऱ्याच ठिकाणी चोरी करून तुरुंगात गेलेला माणूस बाहेरच्या प्रामाणिक कुणब्यापेक्षा पोटभर जेवत होता. हे भाषण ठोकून सांगितले असते तर राजद्रोह झाला असता. दादाभाईंनी ते कोष्टकात मांडले, आणि तेही सरकारच्याच आकड्यांनी.

१८७३ साली हा मजकूर त्यांनी हिंदुस्थानच्या आर्थिक कारभाराची चौकशी करणाऱ्या पार्लमेंटच्या समितीपुढे ठेवला. समितीने तो छापला नाही. १८७६ साली मुंबईत ईस्ट इंडिया असोसिएशनच्या शाखेत त्यांनी तो वाचला आणि मग त्याला तोंड फुटले. १८८० मध्ये इंडिया ऑफिसमधले डॅनव्हर्स नावाचे अधिकारी उत्तर द्यायला पुढे आले. त्यांचे म्हणणे असे की दादाभाईंनी रेल्वे आणि व्यापार यांनी घातलेली भर धरलीच नाही. दादाभाई म्हणाले, गहू पंजाबातून मुंबईला आणल्याने गव्हाचा एक दाणा वाढत नाही, त्याचा भाव तेवढा वाढतो. खाणाऱ्या तोंडांना दाणे लागतात.

इथे मला मास्तर म्हणून सांगितले पाहिजे की आजच्या शास्त्राप्रमाणे डॅनव्हर्सच्या म्हणण्यात तथ्य होते. वाहतूक, व्यापार, डॉक्टर-वकिलांच्या सेवा हे सगळे आज राष्ट्रीय उत्पन्नात धरतात. दादाभाईंनी फक्त वस्तूंचे उत्पादन धरले, त्यामुळे त्यांचा आकडा थोडा खाली आला. पण सरकारने उलट मोजणी केली तेव्हा १८८२ साली त्यांनाही दरडोई २७ रुपयेच मिळाले. वीस म्हणा नाहीतर सत्तावीस, भुकेची गोष्ट बदलली नाही. बदलले ते हे, की आता सरकारलाही माणशी आकड्यात उत्तर द्यावे लागले. नुसते रेल्वेचे मैल सांगून भागेना.

आता निःसारण. आमचे विद्यार्थी परीक्षेत लिहीत, ‘इंग्रजांनी सोने बोटीत भरून नेले’. तसे ते नव्हते. गोष्ट अशी घडे. भडोचच्या शेतकऱ्याचा कापूस लिव्हरपूलच्या व्यापाऱ्याने घेतला. त्याला पैसे चुकते करायचे. तो लंडनमध्ये भारतमंत्र्याच्या कचेरीत जाऊन पौंड भरी आणि तेवढ्या रुपयांची सरकारी हुंडी घेई. ही हुंडी इकडे आली की आपल्या सरकारी तिजोरीतून रुपये मिळत, आणि ते हात बदलत बदलत कापूसवाल्यापर्यंत पोचत. पण तिजोरीत ते रुपये आले कुठून? त्याच शेतकऱ्याने भरलेल्या सारा-पट्टीतून. म्हणजे कापूस गेला, आणि त्याची किंमत म्हणून त्याचाच सारा फिरून त्याच्या हातावर ठेवला. पौंड लंडनलाच राहिले. त्यातून इंग्रज अधिकाऱ्यांची पेन्शने, कर्जावरचे व्याज, रेल्वे कंपन्यांना हमी दिलेले पाच टक्के आणि भारतमंत्र्याच्या कचेरीचा खर्च भागे. देश माल पाठवी जास्त आणि घेई कमी, आणि त्या फरकाचा मोबदला येतच नसे. हे सगळे वह्यांत व्यवस्थित लिहिलेले होते. चोरी नव्हती, पावती होती.

याला विरोधही झाला. थिओडोर मॉरिसन यांनी १९११ साली लिहिले की त्या पैशाच्या बदल्यात हिंदुस्थानला स्वस्त भांडवल मिळाले, शांतता मिळाली, तेव्हा सगळा पैसा फुकट गेला असे म्हणू नये. आजही इतिहासकारांत एकमत नाही. कोणी तो राष्ट्रीय उत्पन्नाच्या मानाने किरकोळ ठरवतात, तर उत्सा पटनाईक यांनी चक्रवाढ व्याज लावून ४५ लाख कोटी डॉलर असा आकडा काढला आहे. हा आकडा आपणा सर्वांच्या मोबाइलवर येऊन गेला असेल, माझ्याकडे पाच वेळा आला. पावणेदोनशे वर्षे व्याज चढवले की कुठलाही आकडा डोंगराएवढा होतो. खुद्द दादाभाईंनाही व्याज लावण्याचा मोह झाला होता. पण त्यांचे बळ मोठ्या आकड्यात नव्हते. ते वीस रुपयांत होते.

ही भागाकाराची रीत पुढे कुठे कुठे गेली ते पाहा. विल्यम पेटी, ग्रेगरी किंग या इंग्रजांनी सतराव्या शतकात आपल्या देशाचे उत्पन्न मोजले होते, तेव्हा जगात पहिले दादाभाई नव्हेत. पण हुकूमत गाजवणाऱ्याचेच कागद वापरून हुकुमाखालच्या देशाने स्वतःचे उत्पन्न मोजायचे, ही वाट त्यांनी पाडली. इंग्लंडमध्ये हाइंडमन यांनी त्यांचे आकडे घेऊन लेख लिहिले, आणि मार्क्सने १८८१ च्या एका पत्रात हिंदुस्थानातून दरसाल जाणाऱ्या पैशाचा हिशेब मांडला. विसाव्या शतकात श्रीमंत देश आणि गरीब देश यांच्या व्यापारातच गरिबी तयार होते असे म्हणणारे पंडित लॅटिन अमेरिकेत आणि इतरत्र झाले. त्या विचाराची एक जुनी शाखा दादाभाईंपर्यंत येऊन पोचते.

पण मराठी माणसाला जवळची वाट पुण्याची. न्यायमूर्ती रानड्यांनी दादाभाईंचे सगळे मान्य केले नाही. १८९० च्या पुण्याच्या औद्योगिक परिषदेत त्यांनी स्पष्ट सांगितले की इंग्लंडला जाणाऱ्या पैशाचे रडगाणे गात बसू नये, भांडवल आणि कारखाने उभे करावेत. रानडे-दादाभाई हा मतभेद फार मोलाचा आहे, वेळ असता तर त्यावरच बोललो असतो. रानड्यांचे शिष्य गोखले १८९७ साली वेल्बी कमिशनपुढे साक्ष द्यायला विलायतेला गेले. त्यांच्या आकड्यांची तयारी करून घेतली होती गणेश व्यंकटेश जोशी या शिक्षकांनी. (सार्वजनिक काका ते वेगळे, ते गणेश वासुदेव. लोक नेहमी घोटाळा करतात.) त्याच कमिशनवर दादाभाई सभासद होते, आणि १९०० साली वेडरबर्न व केन यांच्यासह त्यांनी वेगळा अहवाल दिला. पुढे १९४९ साली स्वतंत्र भारताने राष्ट्रीय उत्पन्न समिती नेमली. महालनोबिस अध्यक्ष, सभासद व्ही. के. आर. व्ही. राव आणि आपले धनंजयराव गाडगीळ. त्याच गाडगिळांच्या गोखले संस्थेतून १९७१ साली दांडेकर आणि रथ यांचा भारतातल्या दारिद्र्यावरचा ग्रंथ आला. माणसाला रोज २२५० कॅलरी मिळाव्यात, त्याला खर्च किती येतो, आणि तेवढेही ज्यांना परवडत नाही असे किती, असा त्यांचा प्रश्न होता. तुरुंगाच्या शिध्याच्या जागी कॅलरी आल्या, बाकी रीत तीच.

आता बडोदे. १८७४ साली मल्हारराव महाराजांनी दादाभाईंना दिवाण नेमले. त्या आधीच्या वर्षी संस्थानाच्या गैरकारभाराची इंग्रजांनी चौकशी केलेली होती, रेसिडेंट कर्नल फेयर महाराजांच्या पाठीस लागलेले होते. दादाभाईंनी आपल्याबरोबर बाळ मंगेश वागळे, होरमसजी वाडिया, काझी शहाबुद्दीन अशी माणसे आणली. वागळे म्हणजे रानडे-भांडारकरांबरोबर १८६२ साली मुंबई विद्यापीठाचे पहिले पदवीधर झालेल्या चौघांपैकी. दरबारी मंडळींना हे परके वाटले, रेसिडेंटला तर दादाभाई नकोच होते. नोव्हेंबरमध्ये फेयरच्या सरबतात विष घातल्याचे प्रकरण झाले. त्याच्याशी दादाभाईंचा काही संबंध नव्हता, पण जानेवारी १८७५ मध्ये ते राजीनामा देऊन निघाले आणि लगोलग महाराजांना अटक झाली. पुढे चौकशी मंडळात तीन इंग्रज एका बाजूला आणि जयाजीराव शिंदे, जयपूरचे महाराज आणि सर दिनकरराव दुसऱ्या बाजूला, असे मत पडले. तरी एप्रिलमध्ये महाराजांना पदच्युत केले. ही हकिकत आपल्यापैकी प्रत्येकाच्या घरात आजोबांनी सांगितलेली आहे, आणि तिच्यात महाराजांवर अन्याय झाला हेच येते. मीही तेच ऐकत वाढलो.

दादाभाईंचे म्हणणे असे की पूर्वीचे राजे लुटत असतील, पण लुटलेला पैसा देशातच खर्च होई, कारागिराला, शिपायाला, सावकाराला मिळे. इंग्रजांच्या काळात तो बाहेर जातो. तर्क म्हणून हे ठीक आहे. पण खंडेराव महाराजांनी चांदीच्या तोफा ओतवल्या आणि मल्हाररावांनी सोन्याच्या. ज्या कुणब्याने त्यासाठी सारा भरला, त्याच्या ताटात ते सोने परत आले का? ज्या राज्यात अधिकाराच्या जागा नजराणा घेऊन दिल्या जात, ते राज्य दादाभाईंनी दिवाण म्हणून आतून पाहिले होते. तरी देशाच्या आतल्या निःसारणाचे खाते त्यांनी आपल्या मोठ्या हिशेबात पुरते उघडले नाही. त्यांना पार्लमेंटपुढे बाजू मांडायची होती, आणि शत्रूच्या हाती आपल्याच घरचे कागद द्यायचे नव्हते, हे मी समजू शकतो.

ते खाते उघडले जोतीराव फुल्यांनी, १८८३ च्या ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये. शेतकऱ्याचा पैसा गोरा कामगार नेतो तसा काळा कारकूनही नेतो, हे त्यांनी हातचे न राखता मांडले. आणि त्यांनी तो मजकूर सयाजीराव महाराजांना वाचून दाखवला होता, हे प्रस्तावनेत आहे. म्हणजे दोन्ही हिशेब याच दरबारात येऊन गेले, दहा वर्षांच्या आत.

माझ्या स्वतःच्या घरची गोष्ट सांगतो. आमच्याकडे शिलेदारीच्या दोन असाम्या होत्या. माळ्यावर एक मोडी जमाखर्च सापडला, त्या काळातला. एका पानावर खापरपणजोबांनी मुलाच्या नावे असामी चालू राहावी म्हणून दरबारात भरलेल्या नजराण्याची रक्कम आहे. खाली लगेच सावकाराकडून काढलेले कर्ज, आणि पुढच्या दोन पानांवर सावलीकडच्या एका गावाच्या कुळांकडून आलेली वसुली, आधीच्या सालापेक्षा वाढलेली. दादाभाईंना लिव्हरपूल ते भडोच ही साखळी दिसली. आमच्या वहीत दांडिया बाजार ते सावली आहे. वडिलांना मी हे वाचून दाखवले तेव्हा ते चार दिवस माझ्याशी बोलले नाहीत. धाकट्या काकांनी तर ‘जाळून टाक’ म्हणून सांगितले. मी जाळली नाही.

या गावाने नंतर पुष्कळ भरपाई केली, तेही खरे. १८९३ मध्ये अमरेलीत आणि १९०६ पासून सबंध राज्यात सक्तीचे शिक्षण, १९०८ साली बँक. निःसारणाचे दुसरे मोठे अभ्यासक रमेशचंद्र दत्त १९०४ साली महसूलमंत्री म्हणून इथे आले, पुढे दिवाण झाले आणि १९०९ मध्ये बडोद्यातच वारले. १९१३ मध्ये भीमराव आंबेडकर गायकवाडी शिष्यवृत्तीवर कोलंबियाला गेले. प्रांतिक वित्तव्यवस्थेवरचा त्यांचा ग्रंथ १९२५ साली निघाला, तो सयाजीरावांना अर्पण केलेला आहे. आणि १९१७ मध्ये तेच आंबेडकर इथे नोकरीवर आले तेव्हा त्यांना राहायला खोली मिळाली नाही. पारशी उतारगृहातून काठ्या घेऊन आलेल्यांनी बाहेर काढले, मग कामाठी बागेत बसून राहिले. आपल्या आजोबा-पणजोबांची घरे त्या बागेपासून फार लांब नव्हती.

मराठी शाळेच्या ठरावावर नंतर चर्चा आहे, म्हणून आवरते घेतो. जाता जाता त्याबद्दलच एक. आपण दर निवेदनात ‘शहरात मराठी भाषक इतके लाख’ असे लिहितो. गेल्या तीन निवेदनांची मी प्रत काढली, तिन्हींत आकडे वेगळे आहेत. निदान यंदा जनगणनेचे भाषेचे कोष्टक समोर ठेवून लिहू या.

आणि एक विनंती. ज्यांच्याकडे नेमणुकांचे, वतनांचे, वसुलीचे जुने कागद असतील त्यांनी ते मंडळाकडे दाखवायला आणावेत. सनदा तर आपण चौकटीत लावतो, मला वह्या हव्या आहेत. प्रत काढून मूळ कागद त्याच दिवशी परत देऊ. रविवारी सकाळी मोडी वाचणारे दोघे जण इथे बसतात. वाळवी लागली असली तरी झटकू नका, कापडात गुंडाळून तशाच आणा.